‘आवाज कमी’ या जोडीतील माझ्या अर्ध्या हिश्श्याची व्यवस्था

मी, राजदीप बाबाराव नगराळे, वय अडतीस, धंदा मिक्सर, पंखे व स्पीकर दुरुस्ती, आणि त्यासोबत शब्दांवाचूनच्या हिप-हॉपचा निर्माता, राहणार बुद्धविहारामागे, पांढरकवडा, तालुका केळापूर, जिल्हा यवतमाळ, आज पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही धाकात वा भिडेत न येता असे लिहून ठेवतो की माझे डोके ठिकाणावर आहे. पित्ताशय तेवढे नाही. त्यात खडे झाले असून ते काढण्यासाठी मला पुढच्या आठवड्यात यवतमाळला भरती व्हायचे आहे. डॉक्टर म्हणाले, किरकोळ ऑपरेशन आहे. परंतु त्याआधी सही करण्यासाठी जो छापील कागद माझ्या हाती दिला, तो मी पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचला. तसे कोणी करत नाही असे नर्सबाईंनी मला सांगितले. त्या कागदाप्रमाणे मी जिवंत घरी येणे ही एक दुर्मिळ घटना ठरेल, म्हणून हा लेख.

माझी पत्नी सौ. रुपाली हिचे मत येथे नोंदवणे मला न्याय्य वाटते. ती म्हणाली, “खडे काढाच्या आपरेशनले कोनी मृत्युपत्र लिहिते का? तुमी तं दाढ काढाले गेलते, तवाही घराच्या चाब्या माह्या हातात देल्ल्या होत्या.” हे खरे आहे. दाढेच्या वेळीही मी गंभीर होतो.

घर आणि दुकान यांचा निकाल दोन ओळींत लागला असता. मला खरी काळजी आहे ती माझ्या आईच्या आवाजाची. तो आवाज माझा व माझा जोडीदार लखन देवसिंग आडे याचा, असा दोघांत अर्धा-अर्धा आहे, आणि आम्ही दोघे तीन वर्षांपासून एकमेकांशी बोलत नाही. मी असाच गेलो तर आई कायमची बंद पडेल. तसे होऊ नये एवढ्यासाठीच मी वकीलबाईंना घरी बोलावले. त्यांनी “आवाज ही मालमत्ता स्थावर का जंगम?” असे विचारले, तेव्हा आम्ही दोघेही थोडा वेळ पंख्याकडे पाहत बसलो.

कलम १. घर, त्यातील सामान, दुकान आणि दुकानातील सर्व हत्यारे माझ्या हयातीनंतर सौ. रुपाली हिची राहतील. आम्हाला अपत्य नाही. यावर ज्या नातेवाइकांनी आजवर फुकट सल्ले दिले, त्यांना या मृत्युपत्रान्वये काहीही मिळणार नाही, सल्ले परत मिळतील. दुकानाच्या फळीवर लोक विसरून गेलेली जी यंत्रे आहेत ती ज्याची त्याला द्यावीत. देवराव गुरुजींचा मिक्सर दुरुस्त होऊन पडला आहे. ते माझा फोन उचलत नाहीत, कारण त्यांना वाटते मी गाणे ऐकवायला फोन करतो.

कलम २. माझे वडील कालकथित बाबाराव नगराळे यांची हार्मोनियम आमच्या वस्तीच्या गायन पार्टीला द्यावी. वडील त्या पार्टीचे मुख्य गायक होते. एप्रिल लागला की ते गावोगावी जात आणि घसा बसवून घरी येत. त्यांच्या लेखी गाणे म्हणजे शब्द. ठेका आणि पेटी हे शब्दांना बसायला टाकलेल्या सतरंजीसारखे. आम्ही केलेला पहिला तुकडा त्यांनी डोळे मिटून पूर्ण ऐकला, नंतर थोडा वेळ वाट पाहिली आणि म्हणाले, “सतरंजी चांगली टाकली बाबू. आता मानसं बोलाव.” पेटीची एक काळी पट्टी दाबली की वर येत नाही. ती कोणी दुरुस्त करू नये. तो अडकलेला सूर आमच्या ‘सरकी’ या तुकड्यात आहे आणि त्यासाठी परदेशातून कौतुकाची पत्रे आलेली आहेत.

कलम ३. आता जोडीबद्दल. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी लिहितो की आमच्या प्रकारच्या संगीतात गाणारा नसतो. ठेका असतो, त्यावर कुठून कुठून उचललेल्या आवाजांचे तुकडे असतात, आणि ऐकणाऱ्याने मान हलवायची असते. लखन हा राळेगाव तालुक्यातल्या तांड्यावरचा. मला तो आयटीआयला भेटला. आम्ही दोघे वायरमनच्या वर्गात शेजारी बसत असू. एकदा निदेशकांनी बिघडलेली मोटर चालू करून विचारले, “काय दोष आहे?” सगळे म्हणाले बेअरिंग गेले. लखन म्हणाला, “सर, दोष काई नाई, ते चौथ्या मात्रेले अडखळते.” त्याला वर्गाबाहेर काढले. मीही बाहेर गेलो, कारण मलाही तसेच ऐकू आले होते.

त्या दिवसापासून आम्ही आवाज गोळा करत गेलो. जिनिंगचा पट्टा, सोयाबीनचे थ्रेशर, लग्नातली डफडी, हापशाचा दांडा, एसटीची घंटी. लखन ठेका बांधायचा, मी सूर लावायचो. तो राळेगावला आणि मी पांढरकवड्याला, त्यामुळे आमचे काम पेनड्राइव्हवर चालायचे. पेनड्राइव्ह चुन्याच्या रिकाम्या डबीत घालून राळेगाव गाडीच्या चालकाकडे द्यायचा. त्याने थर चढवला की डबी परतीच्या गाडीने यायची. चालक शंकरसिंग यांना आम्ही काय पाठवतो याची फार दिवस शंका होती. एकदा त्यांनी डबी उघडून पाहिली आणि चुना नाही म्हणून नाराज झाले.

या कामाचा एकच नियम होता, आणि पुढच्या कलमांसाठी तो वाचणाऱ्याने लक्षात ठेवावा. एकाने घातलेला आवाज दुसऱ्याने काढायचा नाही. आवडला नाही तर त्याच्या बाजूला आपला आवाज ठेवायचा. काढायचाच असेल तर ज्याने घातला त्यानेच काढायचा. या नियमामुळे ‘पऱ्हाटी’ या तुकड्यात एक बकरी राहून गेली. मी पुष्कळ विनंत्या केल्या. ती बकरी आजही तिथे आहे आणि लोकांना तीच आवडते.

तुकडा तयार झाला की लखन शेवटी एसटीची डबल घंटी टाकायचा. कंडक्टरने डबल दिली की गाडी सुटते, तसे आमचे काम इंटरनेटवरून जगात सुटायचे.

कलम ४. ठोके वाजवायचे पॅडचे मशीन, जे आम्ही दोघांनी मिळून नागपूरहून जुने आणले, ते, तसेच हेडफोन, दोन माइक आणि त्यांच्या वायरी हे सर्व लखन देवसिंग आडे, राहणार राळेगाव, याला द्यावे. मशीनचे डाव्या कोपऱ्यातले बटण दोनदा दाबावे लागते हे त्याला माहीत आहे. लखन सध्या सीसीटीव्ही बसवतो. म्हणजे नुसते चित्र, आवाज नाही. ज्या माणसाला मोटरीतली चौथी मात्रा ऐकू येते त्याने मुके कॅमेरे बसवत फिरावे, हे मला बघवत नाही. आम्ही बोलत नसलो तरी हे मला लिहिता येते.

कलम ५. ज्या हार्डडिस्कवर आमचे सर्व गोळा केलेले आवाज आहेत तीही लखनलाच. त्यात केळापूरच्या जत्रेतला पाळणा, वडिलांचा खोकला, रुपाली पोळ्या लाटताना वाजणाऱ्या बांगड्या (तिला न सांगता घेतल्या, आता सांगितले) आणि पुसदच्या बाजारातली एक बाई आहे, जी वांग्याचा भाव असा सांगते की तिच्या पुढे कोणत्याही ढोलकीने गप्प बसावे. हे आवाज कोणी लग्नाच्या डीजेला देऊ नयेत.

कलम ६. डीजेचा विषय निघालाच आहे तर जुने हिशेब या कलमात मिटवतो.

(अ) वणीकडच्या ज्या बँडवाल्याने आमची ‘सरकी’ उचलली, तिच्यावर नागीण घातली आणि वरातीत वाजवली, त्याला मी माफ करत नाही. परंतु नागीण त्याने ठेक्यात बसवली होती, हे मान्य करतो.

(ब) पुसदच्या कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये आम्हाला बोलावले होते. आम्ही मान खाली घालून वाजवत होतो. लोक बऱ्याच वेळापर्यंत गाणाऱ्याची वाट पाहत राहिले. मग निवेदक सर माइकवर आले आणि म्हणाले, “गायक कलाकार गाडी न मिळाल्यामुळे येऊ शकले नाहीत, तरी वादकांनी किल्ला लढवला, त्यांचे आभार.” आम्हाला सहानुभूतीच्या टाळ्या पडल्या. सदर निवेदक सरांना आमच्या सर्व तुकड्यांचा एक संच द्यावा आणि तो त्यांनी शेवटपर्यंत ऐकावा, एवढीच शिक्षा.

(क) माझा मामेभाऊ सोनू, जो मी घरी दिसलो की विचारतो, “दादा, तुमचं गानं कवा येते?” त्याला सांगावे की आले होते, गेले.

याउलट पोलंड देशातील एक गृहस्थ, ज्यांनी आमचा प्रत्येक तुकडा ऐकला आणि प्रत्येकावर लिहिले, त्यांना माझा जय भीम कळवावा. आमच्या प्रत्येक तुकड्याच्या सुरुवातीला जी बाई बोलते ती काय म्हणते, असे त्यांनी एकदा विचारले होते. लखनने उत्तर पाठवले की ती सर्वांना संगीत ऐकण्याचे आवाहन करते. त्या गृहस्थांचा अजूनही तोच समज आहे. तो तसाच राहू द्यावा.

कलम ७. ती बाई म्हणजे माझी आई, कालकथित रुखमाबाई.

एका दुपारी लखन आमच्या मागच्या खोलीत डफडी वाजवत होता आणि रेकॉर्डर चालू होता. आई पोळ्या टाकून तशीच पिठाच्या हातांनी आली, दारावर थाप मारली आणि म्हणाली, “आवाज कमी कर रे! भित हालून राह्यली!” आम्ही थांबलो. नंतर लखनने ते पुन्हा वाजवून पाहिले आणि डोक्याला हात लावला. “याडी टायमात बोलली बे,” तो म्हणाला. याडी म्हणजे त्यांच्या गोर बोलीत आई. आपल्या आईलाही तो याडी म्हणायचा आणि माझ्या आईलाही. दारावरची थाप पहिल्या मात्रेवर होती आणि ‘भित’ बरोबर तिसरीवर. वीस वर्षे सराव केलेल्याला असे जमत नाही.

हिप-हॉपवाल्यांची एक रीत असते. तुकडा आपला आहे हे कळावे म्हणून सुरुवातीला आपल्या नावाची एक छोटी खूण टाकतात, सोनार दागिन्यावर ठसा मारतो तशी. आमची खूण आई झाली आणि जोडीचे नाव पडले ‘आवाज कमी’. प्रत्येक तुकड्यात तिला घालायचे काम लखनचे. नागपूर-पुण्याची रॅप करणारी पोरे आमचे ठेके घेऊन जात, आणि त्यांच्या शब्दांच्या आधी माझी आई त्या सगळ्यांना दटावून जाई.

तिला हे कळले तेव्हा ती रागावली, पण आवाज घेतल्याबद्दल नाही. “सांगाचं तं होतं, नीट बोलली असती,” म्हणाली. दुसऱ्या दिवशी ती चांगले लुगडे नेसून, केस विंचरून खोलीत आली आणि माइकसमोर उभी राहून म्हणाली, “कृपया, आवाज थोडा कमी करावा.” ते रेकॉर्डिंगही हार्डडिस्कवर आहे. ते कशातच बसले नाही. आम्ही तिला सांगितले की फार छान झाले, आणि जुनेच वापरत राहिलो. तिला फरक कळला होता. तिने लखनला त्या दिवशी पोळी वाढताना तूप कमी घातले.

कलम ८. आता ज्यामुळे जोडी मोडली तो प्रसंग.

आई गेली. तिच्या पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम विहारासमोर मांडव घालून ठेवला होता. भंतेजी आले होते, वस्ती आली होती, पाहुणे आले होते. वंदना झाली, मग भाषणे झाली. भाषणांनंतर लोक फुले वाहतील तेव्हा मागे हळू काहीतरी वाजत राहावे, म्हणून मी लखनला सांगितले की आपला हार्मोनियमचा संथ तुकडा तयार ठेव. साउंड नानाजींचा होता. नानाजी म्हणजे आमच्या वस्तीचे साउंड सर्व्हिसवाले, ज्यांचे स्पीकर मी पंधरा वर्षे दुरुस्त करतो आहे आणि ते पंधरा वर्षे पुन्हा फाडत आहेत.

लोक फुले घेऊन रांगेत उभे राहिले. नानाजींनी बटण दाबले. आणि चारही बाजूंच्या भोंग्यांतून माझी मेलेली आई ओरडली, “आवाज कमी कर रे! भित हालून राह्यली!”

शेजारच्या मैनाबाईंच्या हातातली फुले खाली पडली. एक पाहुणा खुर्चीवरून उठून उभा राहिला आणि का उठलो हे न कळून तसाच उभा राहिला. भंतेजींनी डोळे उघडले. नानाजींनी, आयुष्यात पहिल्यांदाच, कोणी सांगितले म्हणून आवाज कमी केला. पुढे पेटीचा तो संथ सूर एकदम बारीक वाजत राहिला. मी लाजेने मेलो. माझी आई माझ्याच हाताने हसण्याचा विषय झाली असे मला वाटले, आणि मागच्या रांगेत खरोखरच कोणीतरी हसले.

मांडव उठल्यावर मी लखनला म्हणालो, आजच्या दिवस तरी खूण काढायची होतीस. आपला नियम आहे, जो घालतो त्यानेच काढायचे. आईला घालणारा तू. लखन म्हणाला, “माय तुही. तू सांगतलं असतं तं काढली असती.” मी म्हणालो, असे सांगावे लागते काय? त्याने आमच्या मागच्या खोलीतले आपले डफडे उचलले आणि राळेगावची गाडी धरली. त्यानंतर चुन्याची डबी आली नाही आणि मी पाठवली नाही. चूक लखनची होती, हे मी आजही सही करून लिहितो.

कलम ९. आमच्या नियमाप्रमाणे आईला नव्या तुकड्यात घालण्याचा अधिकार लखनचा, आणि ती माझी आई असल्यामुळे परवानगी माझी. म्हणजे दोघे असल्याशिवाय ती बोलू शकत नाही. वकीलबाईंनी वाटणीचे मार्ग सुचवून पाहिले. ‘आवाज कमी कर रे’ एकाला आणि ‘भित हालून राह्यली’ दुसऱ्याला, हाही विचार झाला. परंतु तसे केल्यास एकाकडे नुसता हुकूम उरतो आणि दुसऱ्याकडे नुसती भिंत.

म्हणून असे ठरवतो की लखनने माझ्या मृत्यूनंतर, सदर प्रसंगी चूक त्याची होती असे एका ओळीत लिहून द्यावे. तसे दिल्यास आईच्या आवाजातील माझा अर्धा हिस्सा त्याला मिळेल. न दिल्यास तो हिस्सा सौ. रुपालीकडे जाईल आणि तिने तो कोणालाही वापरू देऊ नये. वकीलबाई म्हणाल्या, मेलेल्या माणसाने भांडण जिंकून काय करायचे? मी त्यांना सांगितले की हे कलम आहे तसेच ठेवावे.

कलम १०. माझे अंत्यविधी आमच्या रीतीप्रमाणे साधेपणाने करावेत. मागे आमचा हार्मोनियमचा संथ तुकडा वाजवावा. आईची खूण काढूनच वाजवावा. नानाजींना हे लेखी द्यावे.

कलम ११. वरील सर्व व्यवस्था पाहण्यासाठी सौ. रुपाली हिला नेमतो. ती भांडत नाही, फक्त बघते, आणि तेवढ्यात कामे होतात.

त्याच दिवशी सह्यांच्या वेळी हाताने जोडलेला मजकूर

वरील मजकूर टाइप होऊन आला तेव्हा साक्षीसाठी नानाजी वेळेवर हजर होते. दुसरे साक्षीदार म्हणून शेजारचे रामधन ठरले होते, परंतु ते कापूस वेचाईला माणसे घेऊन गेले आणि त्यांचा फोन लागेना. मी रुपालीला म्हणालो, कोणीतरी बघ. ती आधीच कोणालातरी पाहून बसली होती. राळेगाव गाडी स्टँडवर लागल्यावर थोड्याच वेळाने लखन दारात उभा राहिला. त्याचे केस पांढरे झाले आहेत, हे मला कोणी सांगितले नव्हते.

“वहिनीचा फोन आलता,” तो म्हणाला. “म्हने, हे मरून राह्यले, सहीले या.”

वकीलबाईंनी सांगितले की साक्षीदाराने मजकूर वाचायची गरज नसते. लखन म्हणाला, “यानं दवाखान्याचा कागद वाचला, मी हा वाचतो.” तो पायरीवर बसून पहिल्यापासून वाचू लागला. बकरीपाशी हसला. पुसदच्या निवेदकापाशी एवढा हसला की नानाजींनी पाणी दिले. कलम ८ त्याने पुन्हा वाचले असावे, कारण पान उलटायला त्याला फार वेळ लागला.

मग तो म्हणाला, “राजा, चूक नोती ते.”

मी म्हणालो, मग काय होते?

“मी जानून ठेवली होती. तुले आठोते का, भाषनं काय देल्ले लोकायनं? रुखमाबाई लय शांत होत्या म्हने. सोशिक होत्या म्हने. कधी मोठ्यानं बोलल्या नाई म्हने. एक जन उठे अन तेच सांगे. मी मांगं बसून आयकून राह्यलो होतो. याडी कधी शांत होती बे? आपल्या दोघायले काय काय बोलली ते! मले वाटलं, हे लोक भलत्याच बाईले फुलं वाहून राह्यले. तं मनलं, तिलेच बोलू द्याव एकडाव.”

मी विचारले, हे तेव्हाच का नाही सांगितलेस?

“तू चूक म्हनला नं. चूक म्हनल्यावर काय सांगू? अन माहीही याडीच होती ते. मी कायले माफी मांगू?”

नानाजी म्हणाले, “मी तं कमी केलता बावा लगेच. बाईची भीती होतीच मले.” त्यावर रुपाली हसली, मग मी हसलो. हसताना पित्ताशय दुखले, आणि त्याच निमित्ताने मी रडूनही घेतले. मला येथे लिहून ठेवायचे आहे की ही तीन वर्षे मी आईची आठवण एकट्याने काढली, आणि ती ज्याच्यासोबत काढायची तो माणूस फक्त एका गाडीच्या अंतरावर होता. मला त्याची फार आठवण आली. हे कोणत्या कलमात बसते ते वकीलबाईंनी पाहावे.

करिता कलम ९ रद्द समजावे. कलम १० मध्ये ‘आईची खूण काढूनच’ याऐवजी ‘आईची खूण ठेवूनच, आणि नानाजींनी आवाज कमी न करता’ असे वाचावे. आईच्या आवाजातील माझा अर्धा हिस्सा कोणतीही अट न घालता लखनला मिळावा.

हे लिहून मी पेन लखनच्या हाती दिले, तेव्हा वकीलबाईंनी त्याला थांबवले. त्यांच्या सल्ल्याप्रमाणे, ज्याला वाटा मिळतो त्याने साक्षीदार म्हणून सही करू नये, पुढे तंट्याला जागा राहते. त्याने सही केली तर वाटा सोडावा लागेल. तेव्हा दुसरा साक्षीदार शोधू, असे त्या म्हणाल्या.

लखनने विचारले, “म्हनजे मी सही केली तं मशीन, डिस्क, याडी, काईच मले भेटत नाई?”

“नाही,” वकीलबाई म्हणाल्या.

“मंग बेस झालं,” तो म्हणाला आणि त्याने सही केली. पेन मला परत देताना माझ्याकडे न बघता म्हणाला, “अर्धी याडी घेऊन मी एकटा काय करू बे? तुह्या परवानगीशिवाय बोलते का ते? तू खडे काढ अन घरी ये.”

परिणामी कलम ४, ५ व आईच्या आवाजाच्या हिश्श्याला आज रोजी कोणीही वारस उरलेला नाही. हे मृत्युपत्र अर्धवट आहे, हे मला वकीलबाईंनी समजावून सांगितले आणि मला ते समजले. ते नव्याने करण्यासाठी मला दवाखान्यातून परत येणे भाग आहे. तसे मी येथे कबूल करतो.

वरील सर्व मी वाचले, त्यात माझेच शब्द आहेत, आणि खालील दोघांच्या डोळ्यांदेखत सही केली.

लिहून ठेवणार: राजदीप बाबाराव नगराळे (सही)

साक्षीदार १: नानाजी, साउंड सर्व्हिसवाले, पांढरकवडा (सही). आवाज कमी करणार नाही, लिहून देतो.

साक्षीदार २: लखन देवसिंग आडे, राळेगाव (सही). यातले मला काही मिळणार नाही हे वाचून, समजून, खुशीने सही केली. मंगळवारी शंकरसिंगच्या गाडीने डबी पाठवतो. ठेका बांधला आहे, याडी घातली आहे, पेटीची जागा मोकळी ठेवली आहे. दवाखान्यातून आला की भरून पाठव. डबल मी तेव्हाच देईन.

ठिकाण: पांढरकवडा
दिनांक: ८ नोव्हेंबर २०२५